वनरक्षक भरतीतली रिकामी जागा कोर्टात कधी टिकते?

ऐरोलीच्या एका ताईंचा प्रश्न आहे. त्यांचा धाकटा भाऊ ठाणे वनवृत्ताच्या वनरक्षक भरतीत इमाव (इतर मागासवर्ग, म्हणजे ओबीसी) सर्वसाधारण गटाच्या प्रतीक्षायादीत वरच्या क्रमांकावर आहे. कुटुंब प्रकल्पग्रस्त आहे, पण दाखला काकांनी आधीच नोकरीसाठी वापरल्यामुळे भावाला तो लावता आला नाही. निवड झालेल्यांपैकी काही जण रुजूच झाले नाहीत. काही रुजू झाले आणि पोलिसात किंवा तलाठी म्हणून निवड होताच निघून गेले. इमावमधल्या प्रकल्पग्रस्तांच्या आणि माजी सैनिकांच्या काही जागा भरल्याच नाहीत, असंही त्यांच्या कानावर आलंय. कार्यालयात गेलं की "वरून आदेश नाहीत" एवढंच उत्तर मिळतं. जागा रिकाम्या आहेत, यादीत नाव आहे, तरी नोकरी का नाही आणि मॅटमध्ये गेलो तर मिळेल का, असं त्या विचारतात.

ताई, मी ठाण्यात राहतो आणि महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये, सेवाविषयक प्रकरणं चालवतो. वनरक्षक, तलाठी, पोलीस शिपाई या भरत्यांची प्रकरणं घेऊन येणारी मुलं बहुतेक तुमच्यासारखाच प्रश्न विचारतात, म्हणून थोडं सविस्तर लिहितो. "जागा रिकामी आहे" एवढ्या वाक्यावर न्यायाधिकरणात काहीही मिळत नाही. मात्र "ही जागा याच जाहिरातीतली आहे, याच प्रवर्गाची आहे, निवडलेला माणूस रुजूच झाला नाही म्हणून ती राहिली आहे आणि यादीची मुदत संपण्याआधी आम्ही ती मागितली आहे" हे कागदावर दाखवता आलं तर बरंच काही मिळू शकतं. तुमच्या भावाचं प्रकरण यातलं कोणतं, ते तुमच्या प्रश्नावरून सांगता येत नाही, कारण तुम्ही तीन वेगवेगळ्या प्रकारच्या रिकाम्या जागा एकाच वाक्यात सांगितल्या आहेत. कायदा त्या तिघींकडे वेगवेगळ्या नजरेने बघतो.

आधी मूळ तत्त्व बघू. १९९१ मध्ये शंकरसन दाश प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितलं की निवडयादीत नाव आलं म्हणून नियुक्तीचा अबाधित हक्क निर्माण होत नाही. जाहिरात म्हणजे अर्ज करण्याचं निमंत्रण. सरकारने जाहीर केलेल्या सगळ्या जागा भरल्याच पाहिजेत असं नाही. सरकारतर्फे उभे राहणारे सादरकर्ता अधिकारी हे अर्धं वाक्य हमखास वाचून दाखवतात. त्याच निकालाचं उरलेलं अर्धं वाचायचं काम आपलं असतं. जागा न भरण्याचा निर्णय मनमानी असता कामा नये, त्यामागे योग्य कारण हवं आणि जितक्या जागा भरल्या जातील तितक्या गुणानुक्रमानेच भरल्या पाहिजेत. ७ नोव्हेंबर २०२४ रोजी तेज प्रकाश पाठक प्रकरणात दुसऱ्या घटनापीठाने हेच पुन्हा ठणकावून सांगितलं. भरती सुरू झाल्यावर निवडीचे नियम मध्येच बदलता येत नाहीत. यादीतल्या उमेदवाराला नियुक्तीचा अबाधित हक्क नसला, तरी जागा उपलब्ध असताना सरकार त्याला मनमानीने डावलू शकत नाही आणि का डावललं याचा खुलासा सरकारनेच करायचा आहे. तुमच्या अर्जाचा पाया हा. "वरून आदेश नाहीत" हे कारण या कसोटीला उतरत नाही, पण ते तुम्हाला लेखी मिळालेलं असलं पाहिजे. तोंडी उत्तराला न्यायाधिकरणात किंमत नाही.

आता जागांचे प्रकार घेतो.

पहिला प्रकार म्हणजे आकृतिबंधात, म्हणजे विभागाच्या मंजूर पदांच्या आराखड्यात, असलेली, पण जाहिरातीत न आलेली जागा. वर्तमानपत्रात "वन विभागात हजारो पदे रिक्त" अशी बातमी येते ती या आकड्याची. मंजूर पदं आणि भरायला परवानगी मिळालेली पदं यांत फरक असतो. वित्त विभागाच्या ३१ ऑक्टोबर २०२२ च्या निर्णयाने आकृतिबंध अंतिम झालेल्या विभागांना सरळसेवेची शंभर टक्के रिक्त पदं भरायची मुभा मिळाली, बाकीच्यांना ऐंशी टक्क्यांपर्यंत. त्यानंतरच्या २०२३ च्या मोठ्या भरतीत वनरक्षकांची २,१३८ पदं होती. तुमच्या वृत्तात जाहिरातीबाहेर आणखी कितीही पदं रिकामी असली, तरी प्रतीक्षायादी त्यांच्यावर चालत नाही. जाहीर केलेल्या संख्येपलीकडे नेमणुका करणं म्हणजे त्या वेळी अर्जच करू न शकलेल्यांची संधी हिरावणं, असं सर्वोच्च न्यायालयाने वारंवार म्हटलं आहे. त्यामुळे एकूण रिक्त पदांचा आकडा अर्जात मिरवू नका. त्याने प्रकरणाला बळ येत नाही, उलट मुद्दा सैल दिसतो.

दुसरा प्रकार म्हणजे जाहिरातीतली जागा, निवडयादीतला उमेदवार, पण तो कागदपत्र पडताळणीत बाद झाला, वैद्यकीय तपासणीत अपात्र ठरला किंवा नियुक्ती आदेश घेऊनही रुजू झाला नाही. प्रतीक्षायादी असते ती नेमकी याच जागेसाठी. या तीन प्रकारांत इथेच तुमच्या भावाचा दावा सगळ्यात भक्कम आहे. आपण भांडायचं ते याच जागांसाठी.

तिसरा प्रकार फसवा असतो. उमेदवार रुजू झाला, एक दिवस का होईना, त्याच्या सेवापुस्तकात नोंद झाली आणि मग तो राजीनामा देऊन गेला. घरच्यांना वाटतं, तो गेला म्हणजे आपला नंबर लागला. कायद्याने ती जागा त्याच्या रुजू होण्याने भरली गेली आणि राजीनाम्याने नवी रिक्त जागा तयार झाली. प्रतीक्षायादी म्हणजे पुढे जेव्हा जेव्हा जागा होतील तेव्हा उपसायचा साठा नव्हे, हे १९९४ मध्ये गुजरातच्या उपकार्यकारी अभियंत्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं. नियमात किंवा जाहिरातीत राजीनाम्याने झालेल्या जागांचीही तरतूद असेल तरच गोष्ट वेगळी, म्हणून जाहिरातीचा तो परिच्छेद काढून बघा. इमावच्या बिंदूवरची जागा राजीनाम्याने रिकामी झाली तर पुढच्या भरतीतही ती इमावसाठीच राहते. १९९५ च्या आर. के. सभरवाल निकालापासून बिंदुनामावली, म्हणजे कोणतं पद कोणत्या प्रवर्गाचं हे ठरवणारी क्रमवारी, पदांवर चालते, त्यामुळे ती जागा प्रवर्गाच्या हातून जात नाही. तशी तरतूद नसेल तर भावाला मात्र तिच्यासाठी पुन्हा परीक्षा द्यावी लागेल.

दुसरा आणि तिसरा प्रकार ओळखायचा तो बिंदुनामावलीच्या नोंदवहीतून. या वहीत प्रत्येक पदाला बिंदू क्रमांक असतो, त्यासमोर प्रवर्ग, नेमलेल्या माणसाचं नाव, त्याची जात, नियुक्तीचा दिनांक आणि शेवटी शेऱ्याचा रकाना. "रुजू झाले नाहीत, नियुक्ती रद्द" आणि "दिनांक अमुक रोजी राजीनामा मंजूर" या दोन शेऱ्यांमध्ये तुमच्या भावाच्या नोकरीचा फैसला आहे. कधीकधी त्या रकान्यात फक्त "रिक्त" लिहिलेलं असतं, तेव्हा नियुक्ती आदेशाची आणि हजर अहवालाची प्रत मागावी लागते. ही नामावली तपासून प्रमाणित करण्याचं काम विभागीय आयुक्तांच्या मागासवर्ग कक्षाचं. आपल्या कोकण विभागाचा हा कक्ष सीबीडी बेलापूरच्या कोकण भवनात आहे, तुमच्या ऐरोलीपासून फार लांब नाही. जाहिरात काढण्याआधी वन विभागाने या कक्षाकडून नामावली तपासून घेतलेली असते. ती प्रत दोन्हीकडे मागा. दोन प्रती जुळल्या नाहीत तर तो स्वतंत्र मुद्दा होतो आणि फार मोठा होतो.

आता प्रकल्पग्रस्त आणि माजी सैनिकांच्या जागा. यांना समांतर आरक्षण म्हणतात. आपल्याकडे महिलांना ३० टक्के, माजी सैनिकांना १५, खेळाडूंना ५, प्रकल्पग्रस्तांना ५, भूकंपग्रस्तांना २ अशी वाटणी असते आणि ती प्रत्येक सामाजिक प्रवर्गाच्या आत बसते. इमावची प्रकल्पग्रस्त जागा म्हणजे आधी इमावची जागा आणि मग तिच्यात प्रकल्पग्रस्ताला प्राधान्य. तसा उमेदवार मिळाला नाही तर ती जागा अनुशेष म्हणून पुढे न ढकलता त्याच प्रवर्गातल्या गुणवत्तेने पुढच्या उमेदवाराला देतात. माझ्या मते तुमच्या भावाच्या प्रकरणातला सगळ्यात दमदार मुद्दा हा असू शकतो. नवी मुंबई-उरण पट्ट्यात प्रकल्पग्रस्त घरं भरपूर, तरी एकेका भरतीत या जागा रिकाम्या राहतात. तुमच्या घरी घडलं तेच इतर घरांत घडलेलं असतं: एका दाखल्यावर कुटुंबातल्या एकालाच लाभ मिळतो आणि तो घेऊन झालेला असतो. माजी सैनिकांच्या बाबतीत वय आणि धावण्याची चाचणी आडवी येते. मग त्या जागा इमाव सर्वसाधारणकडे वळवल्या का, वळवल्या तर कोणाला दिल्या, आणि वळवल्या नसतील तर कोणत्या नियमाने, हे विचारायलाच हवं. निवडयादी लावताना त्या जागा वळवायला हव्या होत्या असं निघालं, तर तुमचा भाऊ मुळात प्रतीक्षायादीतला उमेदवारच नाही. तो निवडयादीत असायला हवा होता आणि मागणीही तशीच करायची: यादी दुरुस्त करा.

यादी लावण्यातल्याच आणखी एका चुकीकडे बघून घ्या. १८ डिसेंबर २०२० च्या सौरव यादव निकालाने एक गोष्ट पक्की केली: अराखीव म्हणजे कोणत्याही जातीसाठी राखून ठेवलेला कोटा नव्हे, गुणवत्तेने येणाऱ्या सगळ्यांसाठी ती जागा खुली आहे. समजा, अराखीव दहा जागा आहेत आणि त्यातल्या तीन महिलांसाठी आहेत. आधी जात न बघता गुणवत्तेने पहिले दहा जण काढायचे. त्यात एकच मुलगी आली असेल तर उरलेल्यांतल्या सगळ्यात जास्त गुणांच्या दोन मुली आत घ्यायच्या, त्या आगरी असोत, ठाकूर असोत की ब्राह्मण, आणि तळाचे दोन मुलगे बाहेर जातील. त्या दोघांपैकी कोणी इमावचा असेल तर तो इमावच्या यादीत आपल्या गुणांप्रमाणे परत येतो. कित्येक याद्यांत ही शेवटची पायरी नीट होत नाही. इमावचा एक जण चुकीने इमावमध्येच अडकवला, त्याला अराखीवमध्ये जायला हवं होतं, असं दिसलं की खाली एक जागा मोकळी होते. पण वनरक्षक भरतीत इथे एक खाच आहे. शारीरिक मोजमापात अनुसूचित जमातीला उंचीची सवलत असते, सर्वसाधारण पुरुषाला १६३ सेंटिमीटर लागतात तिथे त्यांना १५२.५ चालतात. अशी सवलत घेतलेला उमेदवार गुण कितीही असले तरी अराखीव जागेवर मोजता येतो का, हे त्या भरतीच्या नियमांवर ठरतं. वयाच्या सवलतीचंही तसंच. त्यामुळे नुसते गुण बघून "अमक्याला वर ढकला" असा अर्ज करू नका. त्याने कोणती सवलत घेतली तेही तपासा.

तुमच्या हिशेबातून एक मोठा आकडा वजा करावा लागेल, तो पेसाच्या, म्हणजे आदिवासीबहुल अनुसूचित क्षेत्रातल्या, जागांचा. अनुसूचित क्षेत्र जाहीर करणाऱ्या १९८५ च्या आदेशाप्रमाणे आजच्या ठाणे जिल्ह्यात अख्खा शहापूर तालुका, मुरबाडमधली ७७ आणि भिवंडीतली ७२ गावं त्यात येतात. राज्यघटनेच्या पाचव्या अनुसूचीखाली २९ ऑगस्ट २०१९ रोजी राज्यपालांनी काढलेल्या अधिसूचनेने या क्षेत्रातली सतरा संवर्गांची पदं स्थानिक अनुसूचित जमातीच्या उमेदवारांतून भरायची ठरली आणि वनरक्षक हे त्या सतरांपैकी एक. पुढे २२ एप्रिल २०२० रोजी चेब्रोलू लीला प्रसाद राव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने आंध्र प्रदेशातल्या अनुसूचित क्षेत्रातलं शिक्षकांचं शंभर टक्के आरक्षण रद्द केलं. त्याचा आधार घेऊन आपल्या अधिसूचनेलाही आव्हान दिलं गेलं, प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोचलं आणि २०२३ मध्ये पेसा क्षेत्रातल्या नेमणुका थांबल्या.

यात सगळ्यात जास्त कोण पोळलं, तर शहापूर-मुरबाडची, जव्हार-मोखाड्याची ठाकूर, वारली, कातकरी, महादेव कोळी मुलं. वनरक्षकाच्या परीक्षेत लेखी १२० गुण आणि धावण्याला ८०. शिवाय पुरुषांना चार तासांत पंचवीस किलोमीटर चालून दाखवायचं. जंगल ज्यांच्या पायाखालचं आहे त्यांनी हे सगळं पार केलं, निवडयादीत आली आणि नियुक्ती आदेशाची वाट बघत घरी बसली. ऑक्टोबर २०२४ मध्ये विधानसभेचे तेव्हाचे उपाध्यक्ष नरहरी झिरवाळ आणि इतर आदिवासी आमदारांनी मंत्रालयातल्या संरक्षक जाळीवर उड्या मारल्या, त्यांच्या मागण्यांपैकी एक हीच होती. त्या सुमारास राज्य सरकारने न्यायालयाच्या निकालाच्या अधीन राहून या उमेदवारांना मानधनावर तात्पुरत्या नेमणुका द्यायचं ठरवलं. कायम पदाची परीक्षा पास झालेल्या मुलाला मानधनावर काम करावं लागणं हा अन्याय आहे, असं मला वाटतं. पण तो वाद वेगळा आहे आणि तो तिथेच सुटायला हवा.

तुमच्या भावाच्या दृष्टीने याचा अर्थ एवढाच की पेसाच्या रिकाम्या जागा इमावच्या प्रतीक्षायादीसाठी नाहीत. त्या मागू नका. त्या मागणाऱ्या सामायिक अर्जात नाव घालायला कोणी बोलावलं तरी जाऊ नका. जाहिरातीत पेसा आणि बिगरपेसा पदसंख्या वेगळी दाखवलेली असते, आपला हिशेब बिगरपेसाच्या तक्त्यावर करायचा.

मराठा आरक्षणाच्या गुंत्यामुळेही काही भरत्यांत जागा हलल्या. ५ मे २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने २०१८ च्या एसईबीसी (सामाजिक आणि शैक्षणिक मागास) कायद्याने दिलेलं मराठा आरक्षण रद्द केलं आणि त्या प्रवर्गातून अर्ज केलेल्यांना ईडब्ल्यूएसमध्ये (आर्थिक दुर्बल गटात) घ्यायचं का, यावर वाद झाला. वन विभागासह काही भरत्यांच्या प्रकरणांत मॅटने फेब्रुवारी २०२३ मध्ये ते नाकारलं. मुंबई उच्च न्यायालयाने डिसेंबर २०२३ मध्ये मॅटचा निर्णय फिरवला. इमावच्या जागांना त्याचा थेट धक्का नाही, म्हणून तुमच्या प्रकरणात त्यात शिरण्याचं कारण नाही.

आता काय करायचं ते सांगतो.

माहिती अधिकाराचा अर्ज आजच लिहायला घ्या, ठाणे वनवृत्ताच्या मुख्य वनसंरक्षक (प्रादेशिक) कार्यालयाच्या जनमाहिती अधिकाऱ्यांच्या नावे. "किती जागा रिक्त आहेत" असं विचारू नका, एक आकडा देतील आणि मोकळे होतील. असं विचारा: अमुक जाहिरातीतल्या इमावच्या बिगरपेसा पदांची समांतर आरक्षणनिहाय संख्या किती, त्यावर निवड झालेल्यांचे बैठक क्रमांक, त्यांपैकी नियुक्ती आदेश किती जणांना दिले, आदेश मिळूनही किती जण रुजू झाले नाहीत, किती जणांची नियुक्ती पडताळणीत रद्द झाली, रुजू होऊन राजीनामा दिलेले किती आणि कोणत्या तारखांना, न भरलेल्या समांतर आरक्षणाच्या जागांबाबत घेतलेला निर्णय आणि त्या नस्तीवरच्या (फाईलवरच्या) टिप्पणीची प्रत, प्रतीक्षायादीतून आजवर दिलेल्या नियुक्त्या आणि यादीची मुदत कोणत्या तारखेला संपते. नावं आणि पत्ते मागितले की खाजगी माहितीचं कारण पुढे करून नकार येतो, बैठक क्रमांक मागितले तर नकाराची ती वाट बंद होते. उत्तराची मुदत तीस दिवसांची. नाही आलं तर प्रथम अपील.

माहितीची वाट बघत बाकी सगळं थांबवून ठेवू नका. प्रतीक्षायादी साधारण वर्षभर चालते. नेमकी मुदत जाहिरातीत आणि त्या वेळी लागू असलेल्या शासन निर्णयात बघा, काही ठिकाणी ती निवडयादीच्या तारखेपासून मोजतात. याच जागा धरून नवी जाहिरात आली तर तुमचा मुद्दा जवळपास संपतो. म्हणून माहिती अधिकाराच्या अर्जाबरोबरच एक निवेदन नियुक्ती प्राधिकाऱ्याला, म्हणजे संबंधित उपवनसंरक्षकांना, आणि त्याची प्रत मुख्य वनसंरक्षकांना द्या. त्यावर आवक शिक्का घ्या किंवा रजिस्टर पोस्टाने पाठवा. एकाच पानात लिहा: भावाचा क्रमांक, यादीची मुदत, कळलेल्या न रुजू झालेल्या जागा आणि मागणी. मुदत उलटल्यानंतर निवेदन देऊन काही साधत नाही. मुदतीत मागणी केली, मुदतीत न्यायाधिकरणात आलो आणि प्रकरण चालू असताना यादी संपली, तर विलंबाचा दोष आपल्या माथी मारता येणार नाही असा युक्तिवाद उभा राहतो. एकदा मुदत गेली की तो राहत नाही.

मॅटची मुदत प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम १९८५ च्या कलम २१ मध्ये आहे: अंतिम आदेशापासून एक वर्ष. निवेदनावर उत्तर आलं नाही तर सहा महिन्यांनंतर पुढे एक वर्ष. पण निवेदनावर निवेदनं देत राहिल्याने मुदत वाढत नाही. जिल्ह्याच्या पुढाऱ्याचं पत्र, मंत्र्यांचा शेरा, आपले सरकार पोर्टलवरची तक्रार, यातलं काहीही मुदतीचं घड्याळ थांबवत नाही. मुलं वर्ष-दीड वर्ष मंत्रालयाच्या पायऱ्या झिजवतात आणि मग आमच्याकडे येतात, तेव्हा आधी विलंब माफीचा अर्ज करावा लागतो. तुमच्यासारख्या प्रकरणात सहा महिने थांबण्याचीही गरज नसते. कलम २० "सर्वसाधारणपणे" आधीचे उपाय वापरा म्हणतं, आणि भरतीत नियमाने ठरवून दिलेलं अपील बहुतेक वेळा नसतंच. निवेदनानंतर काही आठवड्यांत उत्तर आलं नाही आणि यादीची मुदत जवळ आली असेल तर सरळ मूळ अर्ज दाखल करायचा.

अर्जात दोन गोष्टी चुकल्या तर चांगलं प्रकरणही हातचं जातं. पहिली म्हणजे प्रतिवादी. यादी दुरुस्त करा म्हणताना ज्याची नोकरी जाऊ शकते त्याला प्रतिवादी केलंच पाहिजे. आमची लढाई सरकारशी, त्या बिचाऱ्या मुलाशी नाही, असं म्हणून लोक त्याला वगळतात आणि त्याच कारणावरून अर्ज फेटाळला जातो. त्याला ऐकल्याशिवाय त्याच्याविरुद्ध आदेश होऊ शकत नाही. तुमची मागणी केवळ न रुजू झालेल्या किंवा न वळवलेल्या जागेवर असेल, कोणाचीही नेमणूक हलत नसेल, तर हा प्रश्न येत नाही. म्हणूनच शक्य असेल तिथे मी तीच मागणी आधी ठेवतो. दुसरी म्हणजे अंतरिम आदेश. पहिल्याच तारखेला "भावाला नेमा" असं मागून ते मिळत नाही. मागायचं ते हे: इमाव सर्वसाधारणची एक जागा अर्जाचा निकाल लागेपर्यंत रिकामी ठेवा आणि नव्या जाहिरातीत धरू नका. एक जागा राखून ठेवल्याने सरकारचं काही बिघडत नाही, म्हणून ती मागणी वाजवी दिसते. ती मिळाली नाही आणि मध्येच जागा भरल्या, तर दोन वर्षांनी जिंकूनही हातात काही येत नाही. कलम २४ मुळे अंतरिम आदेशाआधी समोरच्यांना प्रत देऊन म्हणणं मांडायची संधी द्यावी लागते, तेव्हा प्रती आधीच बजावून ठेवा.

आणखी एक आक्षेप येईल: भरतीत भाग घेतला, नापास झाल्यावर तक्रार कशी? जाहिरातीतली अट किंवा आरक्षणाची वाटणीच चुकीची होती असं म्हणायचं असेल तर हा आक्षेप भारी पडतो, ते आव्हान परीक्षेआधी द्यायला हवं असतं. तुमचा भाऊ जाहिरातीला आव्हान देत नाही, तिची अंमलबजावणी मागतो. अर्जात हे एका वाक्यात स्पष्ट लिहा.

मॅटचा निकाल विरुद्ध गेला तर मुंबई उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे रिट याचिका करता येते, पण थेट तिथून सुरुवात करता येत नाही, १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालाने ते ठरलेलं आहे. हे राज्याच्या वन विभागाबद्दल. वनविकास महामंडळाच्या भरतीचा वाद असेल तर ती कंपनी आहे, तिथे मॅट चालत नाही, उच्च न्यायालयातच जावं लागतं.

कार्यालयाची बाजूही सांगायला हवी. येऊरच्या डोंगरात किंवा मुरबाडच्या बाजूला एकेका वनरक्षकाकडे शेजारच्या नियतक्षेत्राचाही (बीटचाही) कार्यभार असतो. उन्हाळ्यात वणवा लागला की तो एकटा धावतो. खाडीकाठच्या कांदळवनात रात्री डेब्रिजचा डंपर रिकामा होतो तेव्हा अडवायला माणूस नसतो. क्षेत्रावरच्या अधिकाऱ्यांनाही माणसं हवीच असतात. घोडं अडतं ते आस्थापनेच्या टेबलावर: समांतर आरक्षणाची जागा वळवायची की नाही याची जोखीम कोणी घ्यायची, उद्या कोणी आक्षेप घेतला तर? म्हणून फाईल "मार्गदर्शनासाठी" वर जाते आणि यादीची मुदत संपते. तुमचं नेमकं निवेदन त्या टेबलावर असलं तर काही वेळा न्यायाधिकरणात जायच्या आधीच प्रश्न सुटतो, कारण तेव्हा "कोणी मागितलंच नाही" असं म्हणता येत नाही. नेमणूक करून देतो म्हणून पैसे मागणाऱ्याला मात्र दारातूनच परत पाठवा. बिंदुनामावलीतला शेरा कोणाच्या ओळखीने बदलत नाही, आणि बदलला तर तुमचा भाऊ आरोपी होईल.

माहिती अधिकाराचं उत्तर आलं की आधी एकच गोष्ट बघा: न रुजू झालेले आणि राजीनामा दिलेले यांचे आकडे वेगवेगळे दिलेत का. दिले असतील तर ते उत्तर, जाहिरात, निवडयादी आणि प्रतीक्षायादी घेऊन वकिलाकडे जा. दोन्ही मिळून एकच "रिक्त" आकडा दिला असेल तर त्याच आठवड्यात प्रथम अपील टाका आणि अपिलात हजर अहवालांच्या प्रती मागा.